चौकटीवरची शाई

सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी मी टेबलामागचं कपाट उघडलं आणि दुसऱ्या फळीवरच्या एका बाटलीचं लेबल कोरं दिसलं. बाटली तपकिरी काचेची, बुटकी, साठ मिलिलिटरची. लेबल हाताने कापलेलं, वरचा डावा कोपरा जरा तिरका. कोपरा तसाच तिरका होता, डिंकाचा पिवळा डागही जागच्या जागी होता, फक्त अक्षरं नव्हती. काल संध्याकाळी होती. काल मी त्याच बाटलीशेजारून फिल्टर कागदाचं पाकीट काढलं होतं आणि त्या अक्षरांकडे रोजच्यासारखं, न बघता बघितलं होतं. एकोणीस वर्षं तिथे 'टिंबासाठी. पहिला दिवस.' असं लिहिलेलं होतं. मी बाटली खिडकीशी नेली आणि उजेडात तिरकी धरली. टाकाच्या टोकाने कागदावर उमटलेले चर तेवढे दिसत होते, पाणी आटलेल्या ओढ्यासारखे. आत रंगाचा कणही नव्हता.

"काय गं, भूत दिसलं का?" शेजारच्या टेबलावरून क्लोरीनबाईंनी विचारलं. आमच्या प्रयोगशाळेत शहराचं पाणी तपासतात. ज्याच्याकडे जी तपासणी त्याला ते नाव पडतं. मला गढूळबाई म्हणतात.

"लेबल गेलंय."

"मग ओत सिंकमध्ये. उद्या बाहेरची माणसं यायची आहेत बघायला. लेबल नसलेली बाटली सापडली तर साहेब बाटलीऐवजी आपल्यालाच ओततील."

त्यांचं बरोबर होतं. 'लेबल नसलेली बाटली विषाची समजावी' ही पाटी भिंतीवर आहे आणि ती नवीन येणाऱ्यांसाठी मीच लिहिलेली आहे. मी बाटली पर्समध्ये ठेवली. मग टेबलाशी बसून कारणं तपासली. ऊन? कपाटाला लाकडी दारं आहेत. ओल? मग कागद फुगला असता. आम्लाच्या वाफा? शेजारच्या बाटल्यांची लेबलं ठणठणीत होती. शास्त्र शिकलेल्या माणसाला उत्तर आधीच कळलेलं असलं तरी तो बाकीची सगळी उत्तरं एकेक करून उलटी पालटी करून बघतो. त्यात थोडा वेळ जातो, आणि तो वेळ मला हवा होता. कारण ही शाई उन्हाने किंवा ओलीने जात नाही. ती माझ्या आत्याने केलेली शाई आहे. लिहिणाऱ्याला आपण जे लिहिलं ते आठवतं तोवर तिचं अक्षर काळं राहतं. सतत आठवायला हवं असं नाही. कोणी विचारलं तर आठवेल, एवढं पुरे. तेवढंही उरलं नाही की अक्षर जातं. लेबल आत्याने लिहिलं होतं. म्हणजे काल संध्याकाळ ते आज सकाळ यांच्यामध्ये केव्हातरी माझ्या नोकरीचा पहिला दिवस आत्यातून निघून गेला होता. त्या दिवशी ती ठेवणीतले कपडे घालून प्रयोगशाळेच्या फाटकाशी आली होती. पहारेकऱ्याने अडवलं तेव्हा म्हणाली होती, "आत आमचं टिंब आहे, शास्त्रज्ञ आहे ते, त्याला बोलवा." त्याने रजिस्टरमध्ये टिंब शोधलं होतं.

मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. साहेब म्हणाले, "आज? उद्या तपासणी असताना?" मी म्हटलं, "आत्याला बरं नाही." हे बोलले तेव्हा मला खात्रीने एवढंच ठाऊक होतं की एका कागदावरची चार अक्षरं दिसत नाहीत. बसमध्ये खिडकीशी जागा मिळाली. मी दर दुसऱ्या रविवारी आत्याकडे जाते, म्हणजे जायचे. या तपासणीच्या तयारीत सहा आठवडे जमलं नव्हतं. फोन मात्र करत होते. परवाचं बोलणं मी शब्दशः आठवून पाहिलं. "हो, हो, मी छान आहे. तू जेवलीस का? काम फार आहे का? तब्येतीला जप हो." सहा आठवडे हीच चार वाक्यं. आज, पर्स मांडीवर घट्ट धरून बसले असताना, पहिल्यांदाच लक्षात आलं की ही चारही वाक्यं कोणालाही म्हणता येतात. पलीकडे कोण बोलतंय हे माहीत नसलं तरी.

मी सहा वर्षांची असताना आईबाबांची सर्वेक्षण खात्यात एकदमच बदली झाली. जमिनी मोजत महिनोन्महिने तंबूत राहायचं. तिथे मूल कुठे नेणार? म्हणून मला बाबांच्या बहिणीकडे ठेवलं. आत्याच्या दोन खोल्या एका बुकबाइंडरच्या दुकानावर होत्या, आणि जिन्यात कायम खळीचा वास असायचा. आत्याचं लग्न झालेलं नव्हतं. ती शाईच्या कारखान्यात रंग जुळवायचं काम करायची. मग बॉलपेन आलं आणि कारखाना बसला. सगळे कामगार दुसरीकडे गेले. आत्या चार रिकाम्या बरण्या आणि एक गाळणी घेऊन घरी आली आणि तिने तिला हव्या तशा शाया करायला सुरुवात केली. मला तिने पहिल्याच दिवशी खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाली, "दादाने वाक्य पाठवलंय म्हणून वाट बघत होते, हे तर नुसतं टिंब आहे." तेव्हापासून मी टिंब. आणि टिंब नपुंसकलिंगी, म्हणून मीही त्या घरात नेहमी 'ते'. टिंब जेवलं का, टिंब झोपलं का. आईने लिहिलं होतं की मुलीला असं बोलू नये. आत्याने उत्तर धाडलं होतं, "लाडाला लिंग नसतं वहिनी."

तिने काय काय केलं ते मी सहसा कोणाला सांगत नाही. माझ्या क्षेत्रातली माणसं पुरावा मागतात, तो त्यांचा हक्कच आहे, आणि माझ्याकडे देण्याजोगा पुरावा नाही. पण एक रागाची शाई होती. त्या शाईने रागात लिहिलेलं पत्र राग जाईपर्यंत वाळायचंच नाही. घडी घालावी तर फासलं जायचं, त्यामुळे पाकिटात घालता यायचं नाही. खालच्या बाइंडरकाकांनी आपल्या भावाला त्या शाईने एक पत्र लिहिलं होतं आणि ते दुकानात दोरीला चिमट्याने टांगलं होतं. एक टिपकागद होता, जो फक्त डाग प्यायचा, शब्दाला तोंड लावायचा नाही. एक खोडरबर होता, त्याने खोडलेलं घरातल्या दुसऱ्या कुठल्यातरी कागदावर जाऊन उमटायचं. माझं चुकलेलं भागाकाराचं गणित एकदा बाइंडरकाकांच्या पावतीवर निघालं आणि त्यांनी ते बरोबर करून वर पाठवलं. मी या सगळ्याच्या नोंदी ठेवत असे. आत्या कधी काही मोजायची नाही, म्हणून मीच मोजत असे. बाटलीत शाई किती, किती दिवसांत किती सुकली, स्टुलाची उंची, खिडकीची रुंदी, आत्याच्या वेणीची लांबी. "मोज, मोज," ती म्हणायची, "जमिनी मोजणाऱ्यांचं रक्त आहे, गप्प कसं बसेल."

विसरण्याची शाई आधी फसलेली शाई म्हणूनच आमच्या घरात आली. आत्या त्या शाईने बाजाराची यादी लिहायची. बाजारात जाऊन यादी उघडली की जे आठवत होतं तेवढंच त्यात असायचं, जे विसरलं ते कोरं. ती साबणाशिवाय तीनदा परत आली तेव्हा मला म्हणाली, "टिंबा, जगातली सगळ्यात निरुपयोगी शाई मी केली आहे. टाळी दे." मी टाळी दिली आणि विचारलं, "मग हिचा उपयोग काय?" ती बराच वेळ बरणी हलवत राहिली. "आपल्यात काय शिल्लक आहे ते कळतं," ती म्हणाली. पुढे तिने कितीतरी चांगल्या शाया केल्या, तरी जीव याच शाईवर. घरातलं सगळं लिखाण त्या शाईनेच व्हायचं. बाहेरची शाई या घरात येणार नाही, हा तिचा एकमेव कडक नियम. बॉलपेन जिन्याखाली ठेवून वर यायचं. डॉक्टरांचा नंबर, कपड्यांचा हिशेब, शायांच्या कृती, फडताळातल्या चाळीस बाटल्यांची लेबलं, सगळं त्याच शाईने. हे धोक्याचं आहे असं मी बारा वर्षांची असताना तिला सांगितलं होतं. "मी कशाला विसरतेय?" ती म्हणाली होती. ती तेव्हा पन्नाशीचीही नव्हती.

एमएस्सीच्या वर्षी मी ही शाई अकरा वेळा करून पाहिली. आत्याच्या कृतीत लिहिलेलं होतं: काजळी चमचाभर, चमचा आपला नेहमीचा, डिंक हाताला कळेल तेवढा, मग थांबायचं. मी चमचा मोजला, आत्याच्या हाताला कळलेला डिंक तिच्या नकळत तोलला, ती किती थांबते ते घड्याळ लावून पाहिलं. प्रत्येक शाईने मी आकड्यांच्या कोष्टकातले आकडे लिहून ठेवले, जे कोणालाच लक्षात राहू नयेत असे. सहा महिन्यांनी सगळे आकडे काळेकुळकुळीत होते. "झाली की शाई," आत्या म्हणाली, "छान झालीय. लिहायला येते. अजून काय पाहिजे?" मी चिडले. जे दुसऱ्याला करून दाखवता येत नाही ते शास्त्र नाही, ती हातचलाखी आहे, असं म्हणाले. आत्या हसली नाही. टाक धुवायला उठली आणि बराच वेळ धुवत राहिली. त्यानंतर त्या शब्दाचा तिने कधी उल्लेख केला नाही. पुढच्या वर्षी मला नोकरी लागली तेव्हा ती या शाईची बाटली घेऊन फाटकाशी आली. मी ती एकदाही वापरली नाही. आपण लिहू आणि विसरू, आणि ते आपल्याला डोळ्यांनी दिसेल, याची मला भीती वाटत असे. म्हणून बाटली भरलेली होती. आता पर्समध्ये बसच्या प्रत्येक धक्क्याला तिचा आवाज येत होता.

बाइंडरकाका एका जाड वहीला शिवण घालत होते. मला पाहून त्यांनी दाभण खाली ठेवलं.

"आलीस? मी म्हणतच होतो, कोणीतरी हिला कळवायला हवं."

"मग कळवलं का नाही, काका?"

"नंबर? तुझा नंबर तिच्या भिंतीवर लिहिलेला. तिच्याच शाईने. गेले तीन आठवडे भिंत कोरी. माझ्याकडे तुझा नंबर कधी होताच कुठे? वरून तुझ्या आत्याने खिडकीतून हाक मारली की तू कशी आहेस ते मला कळायचं." त्यांनी चष्मा काढून पुसला. "परवा मला म्हणाली, तुम्ही खाली नवीन आलात का? मी म्हटलं, हो, कालच आलो. चाळीस वर्षांनी माणूस पुन्हा नवा होतो, भाग्यच म्हणायचं. तिनं माझं स्वागत केलं, चहा पाजला. पहिल्यांदा आलो होतो तेव्हा नव्हता पाजला."

"जेवते का वेळेवर?"

"माझी सून वर डबा नेते. तिला ती कारखान्यातली मैत्रीण समजते. दोघी बसून मॅनेजरला शिव्या घालतात. सूनबाईला आता त्या मॅनेजरचा खरंच राग येतो."

मी हसले, आणि हसताना माझं लक्ष दोरीकडे गेलं. भावाला लिहिलेलं पत्र अजून तिथेच होतं, कडा पिवळ्या पडलेल्या. "हे अजून वाळलं नाही?"

"एक ओळ वाळलीय," काका जरा अभिमानाने म्हणाले. "'तब्येत सांभाळ' ही."

वरचं दार उघडंच होतं. मी आधी आत्याकडे बघितलं नाही, दाराच्या चौकटीकडे बघितलं, आणि हे मी स्वतःला माफ केलेलं नाही. त्या चौकटीच्या आतल्या बाजूला माझ्या उंचीच्या खुणा आहेत. दर वर्षी शाळा सुरू व्हायच्या दिवशी आत्या मला पाठ टेकवून उभी करायची, डोक्यावर पट्टी धरायची, रेघ मारायची आणि शेजारी लिहायची, 'टिंब एवढं.' सहाव्या वर्षापासून एकोणिसाव्या वर्षापर्यंत चौदा रेघा. मी मोजल्या. दोन होत्या. एकशे बारा सेंटिमीटरवरची, म्हणजे सहाव्या वर्षाची, आणि एकशे अठरावरची, सातव्याची. तिसऱ्या रेघेच्या जागी लाकडावर करडी सावली होती, आणि ती रेघ आहे असं म्हणायला माझी नोंदवही तयार झाली नसती. वरच्या अकरा जागी नुसतं लाकूड. वरून खाली जात होतं सगळं; नोकरीचा पहिला दिवस तेवढा मागे राहून काल रात्री गेला असणार. पाण्याची टाकी रिकामी होताना भिंतीवरची ओल उतरत जाते तसं. मी उतरत होते. या दोन रेघा गेल्या की आत्यामध्ये मी उरणार नव्हते, नाव बदलून नाही, वय बदलून नाही, अजिबातच नाही.

"या, या," आत्या म्हणाली. ती खिडकीशी बसली होती. केस नीट विंचरलेले, बोटांवर नेहमीसारखा निळा डाग. "तिसरी पायरी हलते, बाइंडरने सांगितलं ना? नवीन आहेत ते, पण माणूस चांगला आहे. बसा. कशासाठी हवी शाई?"

तिने मला कधीही 'बसा' म्हटलं नव्हतं. मी खुर्चीच्या कडेवर बसले. मी टिंब, आत्या, असं म्हणायला तोंड उघडलं होतं. पण तिच्या चेहऱ्यावर गिऱ्हाईक आल्याचा जो आनंद होता तो मोडून त्या जागी मला काय ठेवता आलं असतं? एक बेचाळीस वर्षांची अनोळखी बाई, जी आपल्याला रडवायला आली आहे. "लेबलं लिहायला," मी म्हटलं.

"मग माझी घेऊ नका." तिने फडताळाकडे हात केला. चाळीस बाटल्या, चाळीस कोरी लेबलं. "हे बघा. सगळी गेली. माझीच चूक. स्वतःच्या शाईवर माणसाने इतका भरवसा ठेवू नये. पण मला वाटलं, मी कशाला विसरतेय?" आणि ती हसली, तसंच, बरणी हलवताना हसायची तसं. म्हणजे तिला माहीत होतं. काय गेलं ते नाही, पण जातंय हे तिला दिसत होतं. शाईने तिला रोज दाखवलं होतं, आणि घरात ते सांगायला कोणी नव्हतं. "आता कशात काय आहे कळत नाही. काल कपाळाला लावायचं औषध समजून रागाची शाई लावली. दिवसभर वाळली नाही."

"मी लिहून देऊ का?" मी विचारलं.

पर्समधली बाटली काढली. बूच एकोणीस वर्षांनी निघालं. वास तसाच, काजळीचा आणि किंचित लोखंडाचा. तिच्याच टाकाने मी लिहायला बसले. पहिली बाटली चौकोनी, खांद्याशी टवका उडालेली: रागाची. दुसरी उंच, तिरकी केली की शाई काचेला उशिरा सोडते: परीक्षेची, जी घाई करू देत नाही. तिसरी, चौथी. मी एकेक उजेडात धरत होते आणि नावं येत होती. काही तर आत्याने केली तेव्हा बरणी धरायला मीच होते. लिहिलेलं काळं दिसत होतं आणि काळंच राहत होतं. हे मी इतकी वर्षं का केलं नाही? ही शाई आपल्याला विसरताना पकडते एवढंच मी लक्षात ठेवलं होतं. आपल्याला काय काय आठवतं हेही ती तितक्याच प्रामाणिकपणे सांगते, हे माझ्या नोंदींत कुठेच नव्हतं.

आत्या प्रत्येक लेबल वाचून मान डोलवत होती. "अगदी बरोबर. तुम्हाला कसं ठाऊक?"

"ऐकून होते."

"आमच्या टिंबाकडून ऐकलं असणार. त्यालाही सगळं पाठ. माझी भाची आहे, भावाची मुलगी. एवढंसं आहे, पण प्रत्येक गोष्ट मोजतं. माझी वेणीसुद्धा मोजून ठेवलीय वहीत." ती माझ्याकडे झुकली, बायका एकमेकींना घरातलं सांगताना झुकतात तशी. "मी त्याला हसते. पण खरं सांगू? माझं हे सगळं हवेतलं काम. ते मोजतं म्हणून मला वाटतं, आहे, काहीतरी आहे. नाहीतर एकटीला वेड लागलं असतं."

मी टाक दौतीत बुडवला आणि काठाला निथळू दिला. फार वेळ निथळू दिला. हातचलाखी हा शब्द तिच्याकडे राहिला नव्हता. अकरा फसलेल्या शाया नव्हत्या, ती टाक धुवायला उठली होती तो दिवस नव्हता. तो शब्द जगात आता फक्त माझ्याकडे होता. मला हलकं वाटायला हवं होतं. पण जिच्याकडे क्षमा मागायची ती तो गुन्हाच विसरून बसली की क्षमा आपल्याच हातात राहते, परत आलेल्या पत्रासारखी. चाळिसावं लेबल झालं. उरलेल्या शाईत मी आणलेल्या बाटलीचं लिहिलं: 'टिंबासाठी. पहिला दिवस.' माझं अक्षर तिच्यासारखंच आहे, ते मला आजच कळलं. 'टि'ची वेलांटी दोघींचीही जरा पुढे पडते.

कुठेतरी शाळा सुटल्याची घंटा झाली. आत्या उठून खिडकीशी गेली, मग दाराशी, मग पुन्हा खिडकीशी. "साडेचार झाले ना?" मी घड्याळात पाहून हो म्हटलं. "यायला हवं होतं एव्हाना." ती जिन्याच्या तोंडाशी जाऊन उभी राहिली. "रागावून बसलं असेल कुठे. सकाळी मी ओरडले त्याला."

"का ओरडलात?"

"उंची घेत होते. ते लबाड टाचा उचलतं! म्हटलं, मापात खोटं चालणार नाही, आणि पट्टी आपटली. जरा जोरात आपटली. मग गेलं तोंड फुगवून, डबासुद्धा न घेता." तिचे हात एकमेकांना धरत होते, सोडत होते. "एवढ्याशा जिवाला आईबाप जवळ नाहीत. दोन बोटं उंच दिसावंसं वाटलं त्याला. मी कशाला आपटली पट्टी?"

मला हा दिवस आठवत नव्हता. मी खूप शोधलं. सातवं वर्ष, शाळेचा पहिला दिवस, पट्टी, डबा, काही नाही. आम्हा दोघींपैकी तो फक्त तिच्याकडे होता, आणि त्या दिवशीची पट्टी पस्तीस वर्षं तिच्या हातात होती. मी तो या शाईने लिहून ठेवला असता तर आज माझं पान कोरं निघालं असतं.

एकदा मनात आलं की सरळ टाक घ्यावा आणि चौकटीवरच्या उरलेल्या रेघा गिरवाव्यात, माझ्या हाताने, माझ्या आठवणीने. चौदाच्या चौदा भरून टाकाव्यात. त्या काळ्या राहिल्या असत्या. पण ते माप खोटं झालं असतं. चौकट आत्याची आहे. तिच्यात मी किती आहे हे ती सांगते, आणि आज ती एकशे अठरा सेंटिमीटर म्हणते आहे. तर मग एकशे अठरा.

"मी खाली बघून येते," मी म्हटलं.

बाहेर जिन्यात मी चपला काढल्या. क्लोरीनबाईंना फोन करून उद्या येत नाही म्हणून सांगितलं, त्या म्हणाल्या, "तुझं डोकं फिरलंय, पण जा, मी सांभाळते." मग मी हिशेब केला. बसल्यावर माझी उंची शहाऐंशी सेंटिमीटर. दाराशेजारी माझं जुनं ठेंगणं स्टूल असतं, लहानपणी टेबलाला हात पुरावा म्हणून आणलेलं, ते बत्तीस. मीच मोजलं होतं. मी तीन पायऱ्या उतरले, आणि पुन्हा चढले, तिसरी पायरी हलू दिली. आत्या खिडकीकडे तोंड करून उभी होती. मी स्टूल ओढून चौकटीशी घेतलं, बसले, आणि पाठ लाकडाला टेकवली. डोक्यामागे कुठेतरी सातव्या वर्षाची रेघ होती.

"आत्या, आले गं."

ती वळली. आधी तिने मोठ्या माणसाचा चेहरा असतो त्या उंचीवर पाहिलं. तिथे कोणी नव्हतं. मग तिची नजर हळूहळू खाली आली, रिकाम्या लाकडावरून, अकरा गेलेल्या रेघांवरून, आणि माझ्यापाशी थांबली. मला वाटलं, आता ती विचारेल, तुम्ही खाली का बसलात?

"कुठे होतंस इतका वेळ?" आत्या म्हणाली.

"इथेच होते."

"डबा विसरलंस."

"हो."

ती पट्टी घेऊन आली. तिच्या गुडघ्यांतून आवाज आला, आणि ती माझ्यासमोर वाकली. "टाचा टेकव बघू."

"टेकवल्यात."

"बघू दे." तिने खरंच खाली वाकून माझ्या दोन्ही पायांच्या टाचांखाली बोट घालून पाहिलं. बोट गेलं नाही. "शहाणं गं माझं," ती म्हणाली. मग माझ्या डोक्यावर पट्टी आडवी धरली. अगदी हलकी धरली, केसांना कळेल न कळेल इतकी. टेबलावरच्या दौतीत टाक बुडवल्याचा आवाज आला. कानामागे लाकडावर टाक कुरकुरला, एक रेघ, मग शब्द. ती लिहिताना शब्द पुटपुटते. तिने पुटपुटलेलं मी ऐकलं.

"तेवढंच आहे," ती म्हणाली, "पण खरं आहे. आता हलू नकोस, केसांना लागेल."

ती शाई वाळायला साधारण चार मिनिटं लागतात. मी मान वळवली नाही.